बहिऱ्या डेंटरची मुलगी

आमच्या घरात सगळे ओरडून बोलत. नवा माणूस दारात आला की त्याला वाटे, आत भांडण पेटलंय. आई चुलीपुढून "भाकरी झाली, उठा" म्हणे ते अशा आवाजात की भटवाडीच्या टेकडीवर आमच्या खालच्या घरांच्या तीन ओळींना कळे, नामदेव डेंटर आता जेवायला बसणार. रेडिओ होता, तोही कान फुटेल इतका मोठा. आप्पा त्याच्यापुढे उकिडवे बसून कान त्याच्या जाळीला लावत आणि बातम्या संपल्या की विचारत, "काय म्हणला गं?" मग मी त्यांच्या उजव्या कानाशी तोंड नेऊन सगळ्या बातम्या परत सांगायची. डावा कान केव्हाच गेला होता. उजव्यात थोडी धुगधुगी होती, तीही फक्त माझ्या आणि आईच्या आवाजापुरती. बाकीच्यांचं बोलणं त्यांना ओठ हलताना दिसे, एवढंच. वीस वर्षं माणूस रोज आठ-आठ तास पत्रा ठोकत असेल तर दुसरं काय होणार? त्या काळी कानात घालायला कापसाचा बोळाही कुणी देत नसे.

आप्पा आग्रा रोडवरच्या एका गॅरेजात ठोकलेल्या गाड्यांची अंगं सरळ करायचे. गॅरेजच्या मालकाला सगळे नुसतं शेठ म्हणत, मीही तेवढंच म्हणणार आहे. डाव्या हातात लोखंडी ठोकळा, तो पत्र्याच्या आतून धरायचा. उजव्या हातात हातोडी, ती बाहेरून मारायची. जोरात नाही, टकटक, टकटक, पापड लाटताना आई लाटण्याला देते तेवढाच भार. मी दुपारी डबा घेऊन जायची. सुकटीचं कालवण, बाजरीची भाकरी, कधी हुलग्याचं माडगं. ते खाताना आप्पांच्या बोटांना थिनरचा वास येई, आणि मला लहानपणी खरंच वाटे की सुकटीलाच तसा वास असतो. जेवण झालं की ते मला एखाद्या मडगार्डपाशी उभं करत. "डोळं मीट. हात फिरव. कुठं खोल लागतंय?" मी तळहात सरकवत न्यायची आणि थांबायची. "हितं." ते हसत. "डोळा रंगाला भुलतो, शके. हात न्हाय भुलत."

आता मुलुंडला माझ्या नातवाने मागच्या महिन्यात गाडी मागे घेताना खांबाला लावली. त्याच्याबरोबर मी त्या कंपनीच्या मोठ्या वर्कशॉपमध्ये गेले. काचेच्या भिंती, थंडगार हवा, कॉफीचं मशीन. कुणी हातोडी उचललीच नाही. पुढचा सगळा भाग प्लास्टिकचा, तो काढून फेकला आणि नवा बसवला. तिथला पोरगा रंगाची जाडी मोजायचं एक छोटं यंत्र मला कौतुकाने दाखवू लागला. "आजी, याच्यापुढे कुणी लपवालपवी करू शकत नाही." माझ्याकडे तसलं यंत्र तो जन्मायच्या किती आधी होतं, आणि मी ते कशासाठी वापरलं, ते सांगायला बसले असते तर त्याची कॉफी गार झाली असती.

आमच्याच ओळीत तीन दारं सोडून शंकरमामा राहत. सख्खे नव्हेत, पण आईला त्यांनी बहीण मानलेलं. ते एका डॉक्टरीणबाईंच्या गाडीवर ड्रायव्हर होते. मुलुंडच्या चेक नाक्यापाशी एका ट्रकने ती गाडी पुढून चेपली, तेव्हा शंकरमामांनीच बाईंना सांगितलं, "आमच्या नामदेवच्या हाताखाली द्या, गाडी नवी होऊन येईल." आप्पांनी गाडी तपासली. पुढच्या दोन चाकांना धरून ठेवणारा जाड लोखंडी दांडा तडकला होता. आप्पांनी शेठला स्वच्छ सांगितलं, ह्यो जोडायचा न्हाय, बदलायचा. विमा कंपनीने नवा दांडा मंजूर केला, तो आलाही. आणि मग शेठने आप्पांना दोन दिवस अंधेरीला दुसऱ्या एका कामावर धाडलं. परत आले तेव्हा गाडी काळा रंग मारून, धुऊनपुसून गेलेली होती. आप्पांनी हाताने खूण करून विचारलं, बदलला ना? शेठने मान डोलावली.

दीड महिन्याने पवईच्या उतारावर पुढचं चाक आत दुमडलं. बाई गाडीत नव्हत्या. शंकरमामा एकटेच होते. त्यांचा उजवा पाय गुडघ्याच्या वर कापावा लागला.

चौकीवर आप्पांना बोलावलं तेव्हा मी बरोबर गेले. मी मॅट्रिकला होते. मी हवालदाराला म्हटलं, "त्यांना ऐकू येत नाही, मला आत येऊ द्या." तो म्हणाला, "पोरीबाळींचं काय काम? बस तिथं." मी बाकावर बसले. दार अर्धं उघडं होतं. आत शेठ खुर्चीवर होता आणि आप्पा उभे होते. शेठचं सगळं बोलणं मला ऐकू येत होतं. तो अगदी हळू, दुःखी आवाजात सांगत होता, "साहेब, मी त्याला नवा दांडा बसव म्हणून सांगितलं. आता बहिरा माणूस. आधी मला वाटलं ऐकलंच नसेल. पण नवा दांडा गॅरेजातही नाही. कुर्ल्याच्या भंगारात गेला असं कानावर आलं. गरीब आहे, मोह झाला असेल." साहेबाने आप्पांकडे बघून विचारलं, "जुनाच जोडलास? नवा विकलास?"

आणि आप्पांनी मान हलवली. हो म्हणून.

ज्यांच्या घरात बहिरं माणूस नाही त्यांना हे कळायचं नाही. बहिरा माणूस दर वेळी "काय म्हणालात?" विचारू शकत नाही. चार वेळा विचारतो, पाचव्या वेळी लोक कंटाळतात, हसतात. मग तो शिकतो, समोरच्याने प्रश्नार्थक बघितलं की मान हलवायची. आप्पा वाण्याकडे मान हलवत, लग्नात मान हलवत, शेठपुढे तर पंधरा वर्षं हलवत आले होते. शेठला ते पक्कं ठाऊक होतं. त्याच्याच गॅरेजात गेलेले कान त्याने आप्पांच्या गळ्यात फासासारखे अडकवले. मी बाकावरून उठून ओरडले, "ते ऐकत नाहीयेत!" हवालदाराने दार लावून घेतलं.

दोन दिवस आत ठेवून त्यांना सोडलं. खटला उभा राहण्याइतकं काही नव्हतं. पण मान हलवलेली होती. कुर्ल्यापासून मुलुंडपर्यंत एकाही गॅरेजने त्यांना पुन्हा दारात उभं केलं नाही. ते घराच्या उंबऱ्यात बसून लोकांच्या पोचलेल्या कळश्या आणि पातेली सरळ करू लागले. गाड्यांची अंगं घडवणारा माणूस बायकांच्या हंड्यांवर हातोडी चालवायचा, आणि समोरून शंकरमामा कुबड्यांवर जात तेव्हा मान खाली घालायचा. मामा थुंकत नसत, शिवी देत नसत. नुसते बघायचेच नाहीत. आई त्यांच्याकडे वाटीभर कालवण घेऊन गेली तर मामींनी वाटी तशीच परत दिली.

मी टायपिंग शिकले, विक्रोळीला एका कारखान्याच्या ऑफिसात लागले. लोक म्हणत, शकू शहाणी आहे, बापाचं दुःख गिळून कामाला लागली. मी काही गिळलं नव्हतं. जेवताना, टायपिंग करताना, केस विंचरताना मी एकच गोष्ट मनात घोळवायची: शेठला कसं आणि कुठे मारायचं. हातोडीने नाही. तो जिथे मोठा होता तिथे.

वाट दाखवली इब्राहिमचाचांनी. ते शेठकडे वेल्डर होते. ठिणग्यांनी डोळे गेले म्हणून काम सोडलेलं. घाटकोपरच्या बाजारात एका चहावाल्यापाशी भेटले. मी आवाज दिला तेव्हा त्यांनी ओळखलं आणि कप खाली ठेवला.

"बेटी, वो दांडे का वेल्डिंग मैंनेच मारा," ते म्हणाले. "शेठ ने बोला, मारो. नया वाला उसने खुद बेचा. नामाभाई तो अंधेरी में था."

"हे चौकीवर सांगाल?"

"मेरा लडका अब्बी उधर काम करता है." त्यांनी कप पुन्हा उचलला. मग म्हणाले, नामा गेल्यापासून तिथे पत्रा ठोकणारा कुणी उरलाच नाही. सगळ्या गाड्यांना लांबी. खड्डा असो, भोक असो, भरा लांबी, घासा, मारा रंग.

लांबी म्हणजे रंगाऱ्यांचा तो राखाडी लगदा. पत्र्याची बारीक रेघ लपवायला असतो, नखाएवढा लावायचा. शेठ थापी भरभरून लावत होता.

घरी येऊन मी आधी शंकरमामांकडे गेले आणि इब्राहिमचाचांचं बोलणं सांगितलं. मामा कुबडी भिंतीला टेकवून बसले होते. म्हणाले, "तुझा बाप आहे, तू असंच बोलणार. इब्राहिम काय, त्याचा दोस्त. शेठच्या तोंडून ऐकव. मग मी स्वतः उठून नामदेवच्या पाया पडेन."

त्या वर्षीचा दसरा. आमच्या ओळीत त्या दिवशी बुद्धवंदना असते, बायका पांढऱ्या साड्या नेसतात. वंदना झाली, खीर वाटली आणि मी त्याच पांढऱ्या साडीत आग्रा रोडला गेले. पिशवीत एक लोहचुंबक होतं. जुना रेडिओ मेला तेव्हा त्याच्या भोंग्यातून आप्पांनी काढून ठेवलेलं, कडबोळ्यासारखं गोल आणि जड. गॅरेजसमोर मांडव होता. नव्याने रंगवलेल्या सहा-सात गाड्या झेंडूच्या माळा घालून ओळीत उभ्या, हत्यारांची पूजा झालेली, गिऱ्हाइकं पेढे खात होती. शेठ रेशमी झब्ब्यात होता. मला बघून त्याचा चेहरा क्षणभर बदलला, मग म्हणाला, "ये ये, नामाची पोर ना? पेढा घे."

मी पेढा घेतला, खाल्ला, आणि पहिल्या गाडीपाशी गेले. डोळे मिटून तळहात फिरवला. मडगार्डवर हात थांबला. पत्रा उन्हात तापला होता, पण तिथे तो तापलेला नव्हता. मी चुंबक लावलं. ते घसरलं आणि टप् करून खाली पडलं. बॉनेटला लावलं, चिकटलं. पुन्हा मडगार्डला, टप्. दुसऱ्या गाडीचं दार, टप्. तिसरीची डिकी, टप्. पेढे खाणारे तोंडं थांबवून बघायला लागले.

"काय खेळ चाललाय?" शेठ हसत म्हणाला. "पोर जरा भ्रमिष्ट आहे. बापाच्या धक्क्याने."

काळ्या टोपीतले एक वकील पुढे आले. दुसरी गाडी त्यांची होती. "चुंबक लोखंडाला चिकटत नाही म्हणजे तिथे लोखंड नाही," ते सावकाश म्हणाले. "मग काय आहे?"

"खरवडून बघा ना," मी म्हटलं.

"रंग ओला आहे साहेब, खराब होईल," शेठ म्हणाला.

"माझी गाडी आहे. होऊ दे."

त्यांनी नुकतंच पूजलेल्या हत्यारांतलं एक पटाशीसारखं अवजार उचललं, त्याचं हळदकुंकू झटकलं आणि दाराच्या खालच्या कडेला घातलं. आतून भाकरीएवढा जाड पापुद्रा निघून पडला. त्याच्यामागे पत्रा नव्हताच. गोणपाटाचा तुकडा आणि चुरगाळलेला गुजराती पेपर होता. वकिलांनी तो पेपर बाहेर ओढला, नीट पसरला आणि शेठच्या हातात दिला. मग सगळेच आपापल्या गाड्यांकडे धावले. कुणी नाण्याने खरवडत होतं, कुणी किल्लीने. माळा तुटल्या, झेंडू पायांखाली आले. मी मांडवाच्या खांबाला टेकून उभी राहिले आणि शेवटपर्यंत बघितलं. त्या दिवसाइतकं पोटभर मी आयुष्यात जेवले नाही.

वर्षभरात गॅरेजात धूळ बसली. विमा कंपनीने त्याचं नाव कापलं, वकिलांनी कोर्टात खेचलं. टेकडीवर बातमी पोचली तेव्हा बायका आईला येऊन भेटून गेल्या. पण शंकरमामा एवढंच म्हणाले, "शेठ चोर आहे हे कळलं. त्या दांड्याचा चोर कोण, ते कुठं कळलं?"

आणि मग एका रविवारी दुपारी शेठ आमच्या दारात आला.

मी ओळखलंच नाही. गळ्याची कातडी लोंबत होती, टेकडी चढून धाप लागलेली. आप्पा उंबऱ्यात एका कळशीचा पोचा काढत होते. शेठ त्यांच्यासमोर मातीत बसला. आप्पांनी हातोडी ठेवली.

"नामा," तो म्हणाला, "दांडा मी विकला. तू मला आधीच सांगितलं होतंस की जोडायचा नाही. मी तुझ्यावर ढकललं. चौकीत तुला ऐकू येत नाही हे मला माहीत होतं." त्याचा आवाज फुटत होता. "मी शंकरला सांगतो. आत्ता, तुझ्यासमोर, सगळ्या ओळीसमोर सांगतो. तू फक्त एकदा म्हण, गेलं ते गेलं. मला झोप नाही रे."

आप्पांनी त्याच्या हलणाऱ्या ओठांकडे बघितलं, मग माझ्याकडे. "काय म्हणतोय?"

मला जे हवं होतं ते सगळं समोर मातीत बसलं होतं. शेठचं तोंड, शेठची कबुली, तीन दारांवर शंकरमामा. मला फक्त ते जसंच्या तसं आप्पांच्या कानात घालायचं होतं. आणि मला दिसलं की ते ऐकल्यावर आप्पा काय करतील. ते त्याला हात देऊन उठवतील, आईला चहा टाकायला सांगतील. शेठ आमच्या टेकडीवरून हलका होऊन उतरेल आणि रात्री झोपेल.

मी वाकले आणि आप्पांच्या उजव्या कानाशी ओरडले, "म्हणतोय, दांडा तुम्हीच विकलात. पण झालं गेलं विसरायला तो तयार आहे. माफी मागा म्हणतोय, कामावर घेतो."

तीन ओळींना ऐकू गेलं. आमच्या घरातलं सगळंच ऐकू जात असे.

शेठ उठून उभा राहिला. "अगं, मी असं कुठं..." तो आप्पांच्या पुढ्यात वाकून ओरडला, "नामा, मी विकला! मी!" पण त्याचा आवाज मुळातच बारीक, आणि आप्पांचे कान त्याला सरावलेले नव्हते. त्याने हात जोडले. आप्पांना ते कामावर चल म्हणून जोडलेले वाटले. आप्पांचा चेहरा असा झालेला मी कधी पाहिला नव्हता. ते म्हणाले, "शेठ, मी गरीब हाय. चोर न्हाय. पुन्हा ह्या दारात येऊ नगा." आणि पाठ फिरवून कळशी मांडीवर घेतली.

चौकीत शेठ आप्पांसमोर खोटं बोलला होता, आणि आप्पांना ते ऐकू आलं नव्हतं. मी शेठसमोर खोटं बोलले, आणि त्याला प्रत्येक शब्द ऐकू आला. तो माझ्याकडे बघत राहिला. मी नजर हलवली नाही. शंकरमामांच्या दाराकडे त्याने एकदा पाहिलं. मामा दारातच उभे होते, माझा आवाज त्यांनी ऐकला होता. शेठचं धापेत फाटलेलं ओरडणं तीन दारं ओलांडून गेलं नव्हतं. त्यांनी आत जाऊन कडी घातली. शेठ पायऱ्या उतरून गेला. अशा माणसाला कबुली द्यायचं बळ एकदाच येत असावं.

आई आत पीठ मळत होती. तिला दोघांचंही ऐकू आलं होतं. संध्याकाळी ती परातीत हात धुताना मला म्हणाली, हळू, आमच्या घरात कुणी बोलत नाही इतक्या हळू, "तू त्याच्या वरताण निघालीस." पुढे तिने तो विषय कधी काढला नाही. आप्पांनाही सांगितलं नाही. का, ते मी विचारलं नाही.

कुणी विचारेल, पस्तावा होतो का. शंकरमामा वारले तोपर्यंत आप्पांशी बोलले नाहीत, तेव्हा झाला. पण शेठचा तो उघडा राहिलेला, शब्द न फुटणारा जबडा आठवला की आजही या वयात माझ्या अंगात ऊब येते. दोन्ही खरं आहे. एकाने दुसरं पुसत नाही.

मामा गेले त्या वर्षी मी आप्पांना कानाचं मशीन आणून दिलं. खिशात ठेवायची डबी आणि तिची वायर कानात. पहिले काही दिवस ते कावळ्यालाही दचकायचे. आईच्या बांगड्या, स्टोव्हची फरफर, शेजारच्या पोराचं पाठांतर, सगळं मान वाकडी करून ऐकत बसायचे. आम्ही हळू बोलायला शिकत होतो. एका दुपारी मी त्यांच्याजवळ बसून तांदूळ निवडत होते. ते म्हणाले, "शके, एक इचारू? शेठ आला हुता त्या दिशी तो रडत हुता. माफी मागा म्हणणारा माणूस रडंल कशाला? खरं काय म्हणला हुता?"

मी तांदळातला खडा काढून बाजूला टाकला. मामा गेले होते. शेठ कुठे होता कुणास ठाऊक. आप्पा माझ्या तोंडाकडे बघत होते, डबीवर हात ठेवून.

मी तेच पुन्हा सांगितलं. या वेळी मला ओरडावं लागलं नाही.